बँकेच्या जप्तीविरुद्ध कोर्टात जाता येतं, पण कोणत्या तारखेपर्यंत?

नवी मुंबईतल्या एका जागेचा खटला. मालक कंपनीने युनियन बँकेचं कर्ज थकवलं होतं, म्हणून बँकेने तारण जागा लिलावात काढली. एकदा नाही, अनेकदा, पण गिऱ्हाईकच मिळेना. शेवटी जून २०२३ च्या लिलावात एका खरेदीदाराने १०५ कोटी ५ लाखांची बोली लावली. तेव्हा मूळ मालक मुंबई हायकोर्टात म्हणाला, मी १२९ कोटी भरतो, माझी जागा मला सोडवून घेऊ द्या. हायकोर्टाने परवानगी दिली. बँकेचीही तक्रार नव्हती, तिला जवळपास २४ कोटी जास्त मिळत होते. लिलावातला खरेदीदार मात्र सुप्रीम कोर्टात गेला आणि सप्टेंबर २०२३ मध्ये जिंकला. जास्त पैसे देणारा हरला.

हरला तो एका तारखेमुळे. कर्ज थकलं की बँकेला कोर्टात न जाता तारण विकू देणारा कायदा म्हणजे सरफेसी. त्याच्या कलम १३(८) मध्ये २०१६ साली बदल झाला. त्याआधी जागेची विक्री पक्की होईपर्यंत सगळी थकबाकी भरून तारण सोडवता यायचं. आता लिलावाची जाहीर नोटीस छापून येईपर्यंतच ती मुभा आहे. वरच्याच खटल्यात, म्हणजे सेलिर विरुद्ध बाफना मोटर्सच्या निकालात, सुप्रीम कोर्टाने हा बदल जसा लिहिलाय तसा लागू केला. नोटीस छापून आली की हक्क संपला, मग मालक कितीही रक्कम घेऊन उभा राहो.

हा खटला आधी सांगितला, कारण बँकेविरुद्ध कोर्टाची पायरी चढणाऱ्या कर्जदाराची समजूत बहुधा वेगळीच असते. त्याला वाटतं, न्यायाधीशांपुढे आपली अडचण मांडायची. धंदा बसला, घरात आजारपण निघालं, सरकारी कामाची बिलं अडकली. सगळं खरं असतं. पण तिथे पहिला प्रश्न येतो तो नोटीस कधी मिळाली, उत्तर कधी दिलं आणि बँकेने नेमकी कुठली पायरी गाळली हा. हप्ते का थकले, याचा नंबर फार नंतर लागतो, बऱ्याचदा लागतच नाही.

असं का, हे कळायला थोडं मागे जावं लागेल. पूर्वी बँकेला वसुलीसाठी दिवाणी कोर्टात दावा लावावा लागे आणि तो वर्षानुवर्षं चाले. १९९३ च्या कायद्याने बँकांसाठी वेगळी कर्जवसुली न्यायाधिकरणं, म्हणजे डीआरटी, आणली. तिथेही फायली तुंबल्या. मग २००२ साली सरफेसी आला आणि गाडं उलटं फिरलं. बँकेने कोर्टात न जाताच तारण ताब्यात घ्यावं आणि विकावं. ज्याला ते मान्य नाही, त्याने कोर्टात यावं. म्हणजे एरवी दावा लावणारी बँक इथे निवांत बसते आणि वकील शोधत धावायचं ते कर्जदाराने.

मूळ कायद्यात तर याहून कडक अट होती. बँकेच्या कारवाईला डीआरटीत आव्हान द्यायचं तर बँक मागेल त्या रकमेच्या ७५ टक्के आधी भरा! ज्याच्याकडे तेवढे पैसे असते त्याच्यावर जप्ती आली असती कशाला? गुजरातमधल्या मार्डिया केमिकल्सच्या खटल्यात ८ एप्रिल २००४ रोजी सुप्रीम कोर्टाने ही अट रद्द केली, बाकी कायदा वैध ठरवला. कर्जदाराचा आक्षेप बँकेने विचारात घ्यायलाच हवा, असंही त्या निकालात आलं. त्यातून त्याच वर्षी कलम १३(३ए) जन्माला आलं. कर्जदाराच्या हातातलं सगळ्यात स्वस्त हत्यार हेच, आणि सगळ्यात जास्त वाया जाणारंही.

कारवाई सुरू होते ती अशी. हप्ता ९० दिवसांहून जास्त थकला की खातं एनपीए, म्हणजे बँकेच्या लेखी थकीत, होतं. इथे एक बारीक गोष्ट. एनपीए झाल्यावर एखादा हप्ता भरला की खातं परत नियमित होतं, असं अनेकांना वाटतं. रिझर्व्ह बँकेने नोव्हेंबर २०२१ मध्ये स्पष्ट केलं की मुद्दल आणि व्याज मिळून सगळी थकबाकी भरल्याशिवाय खातं नियमित करायचं नाही. त्यामुळे शाखेत जाऊन थोडेफार भरून आलेला माणूस निर्धास्त होतो आणि पुढच्या महिन्यात कलम १३(२) ची नोटीस दारात येते.

या नोटिशीत एकूण येणं रक्कम, कोणती मालमत्ता तारण आहे तो तपशील आणि ६० दिवसांची मुदत असते. ही मुदत नोटिशीच्या तारखेपासून मोजतात. या टप्प्यावर डीआरटीत जाता येत नाही. करता येतं ते एकच, लेखी आक्षेप. नोटिशीखाली ज्या अधिकृत अधिकाऱ्याची सही आहे त्याच्या नावाने, रजिस्टर एडीने, आणि पोचपावती जपून ठेवायची. शाखा मॅनेजरशी बोलणं झालं, त्यांनी ‘बघू’ म्हटलं, याला पुढे काही अर्थ उरत नाही.

आक्षेपात काय लिहायचं? ‘मुदत द्यावी ही नम्र विनंती’ एवढंच लिहिलेली पत्रं ढिगाने जातात. बँक त्यावर एका ओळीत नकार कळवते आणि कायद्याचं पालन पूर्ण होतं. त्याऐवजी खात्याचा उतारा घेऊन बसायचं. मंजुरीपत्रातला व्याजदर आणि लावलेला दर एकच आहे का? भरलेली रक्कम जमा दिसते का? दंड म्हणून लावलेल्या रकमेवर पुन्हा व्याज चढवलंय का? एनपीए म्हणून दाखवलेल्या तारखेला खरंच ९० दिवस उलटले होते का? तारण यादीत भलताच गट नंबर घुसलाय का? प्रत्येक मुद्दा तारीख आणि आकडा घालून लिहायचा. बँकेला १५ दिवसांत कारणांसह उत्तर द्यावंच लागतं. त्या उत्तरावरून लगेच खटला लावता येत नाही, पण पुढच्या खटल्याचा पाया तिथेच भरला जातो. आणि हो, ही नोटीस मिळाल्यावर तारण मालमत्ता बँकेच्या लेखी संमतीशिवाय विकता येत नाही, भाड्यानेही देता येत नाही. घाईने मेहुण्याच्या नावे करून दिलेलं खरेदीखत उलट कर्जदाराच्याच अंगावर येतं.

साठ दिवस संपले की बँक कलम १३(४) खाली ताबा घेते. बहुतेक कर्जदार फसतात ते इथेच.

पहिला ताबा असतो सांकेतिक. बँकेचा अधिकारी येतो, दारावर नोटीस चिकटवतो, मोबाईलवर फोटो काढतो आणि जातो. सात दिवसांच्या आत तीच नोटीस दोन वर्तमानपत्रांत येते, त्यातलं एक स्थानिक भाषेतलं लागतं. मराठी पेपरच्या आतल्या पानांवर बारीक टायपातल्या ‘ताबा सूचना’ तुम्ही पाहिल्या असतील. कर्जदाराचं नाव, जामीनदारांची नावं, फ्लॅट नंबर, चतुःसीमा, आणि खाली कर्जदाराला विशेषतः आणि जनतेला सर्वसाधारणपणे या मालमत्तेचा व्यवहार न करण्याचा इशारा. घरात सगळं पूर्वीसारखंच असतं. किल्ली आपल्याकडे, गॅस चालू, मुलं शाळेत. माणूस म्हणतो, कुलूप लावायला येतील तेव्हा बघू.

तोवर घड्याळ कधीच चालू झालेलं असतं. डीआरटीत कलम १७ चा अर्ज करायला मुदत आहे ४५ दिवसांची, कारवाई झाल्या तारखेपासून. सांकेतिक ताबा ही कारवाई धरायची की नाही, यावर बराच काळ वाद होता. अलाहाबाद हायकोर्टाने म्हटलं होतं, प्रत्यक्ष ताबा गेल्याशिवाय डीआरटीत जाता येणार नाही. सुप्रीम कोर्टाने हिंदन फोर्जच्या निकालात, २०१८ मध्ये, ते फिरवलं. ताबा नोटीस लागली की लगेच डीआरटीचं दार उघडतं. निकाल कर्जदाराच्या बाजूचा. पण दार त्या दिवशी उघडतं म्हणजे दिवसही त्याच दिवसापासून मोजले जाणार, हे दुसरं टोक कुणी लक्षात घेत नाही.

प्रत्यक्ष ताब्यासाठी बँक कलम १४ खाली जिल्हाधिकाऱ्यांकडे किंवा मुख्य न्यायदंडाधिकाऱ्यांकडे अर्ज करते. मग पोलीस बंदोबस्तात तहसीलदार, नाहीतर कोर्टाने नेमलेला वकील कमिशनर येतो. कर्जदार वकीलपत्र घेऊन कलेक्टर कचेरीत हजर होतो आणि तिथे हिशेबाचा वाद घालू पाहतो. व्यर्थ. सुप्रीम कोर्टाने वारंवार सांगितलंय की कलम १४ खाली फक्त बँकेचे कागद आणि प्रतिज्ञापत्र बघायचं, वादाचा निवाडा करायचा नाही. कलेक्टरने ३० दिवसांत, फार तर ६० दिवसांत हुकूम द्यावा असं कायदा म्हणतो. त्याला उशीर झाला म्हणून हुकूम रद्द करा, असाही युक्तिवाद झाला. २०२० मध्ये सुप्रीम कोर्टाने ठरवलं की ही मुदत पाळणं अपेक्षित आहे, पण चुकली म्हणून अधिकार जात नाही. बँकेच्या वाटेवरची मुदत लवचिक आणि कर्जदाराच्या वाटेवरची कडक, हा तिरपेपणा या कायद्यात जागोजागी आहे. मला तो खटकतो. पण खटकतो म्हणून ४५ चे ४६ होत नाहीत.

महाराष्ट्रात डीआरटी मुंबई, पुणे, नागपूर आणि छत्रपती संभाजीनगरला आहेत. एक गैरसमज इथेच काढू. डीआरटीत २० लाखांच्या वरचीच प्रकरणं चालतात, असं म्हणतात. ती मर्यादा बँकेने लावायच्या वसुली दाव्याला आहे. कर्जदाराच्या कलम १७ च्या अर्जाला तशी अट नाही. बारा लाखांच्या गृहकर्जावर सरफेसीची कारवाई झाली तर बारा लाखांचा कर्जदारही तिथे जाऊ शकतो. फी कर्जाच्या रकमेवर ठरते, जास्तीत जास्त एक लाख रुपये. पैसे आगाऊ भरायची कायदेशीर अट आता नाही, पण लिलावाला स्टे मागितला की ‘काही रक्कम भरा, मग बघू’ असं बहुधा ऐकावं लागतं. अर्ज चार महिन्यांत निकाली काढावा असं कायद्यात लिहिलंय. पीठासीन अधिकाऱ्याची खुर्ची रिकामी असली की त्या चार महिन्यांचं काय होतं, हे तिथल्या कोणत्याही वकिलाला विचारा.

तिथे चालतं काय? विक्रीच्या नियमांतली चूक. लिलावापूर्वी कर्जदाराला ३० दिवसांची नोटीस द्यावी लागते. २०१४ च्या मॅथ्यू वर्गीस खटल्यात सुप्रीम कोर्टाने ही मुदत फार गांभीर्याने घेतली. मान्यताप्राप्त मूल्यांकनकाराकडून किंमत काढून मगच राखीव किंमत ठरवावी लागते. बोली लागली की खरेदीदाराने २५ टक्के रक्कम त्याच दिवशी किंवा फार तर कामकाजाच्या पुढच्या दिवशी भरायची, उरलेली १५ दिवसांत. मुदतवाढ दिली तरी तीन महिन्यांपलीकडे नाही. या तारखा कागदोपत्री तपासल्या की कधीकधी बँकेची गफलत सापडते, आणि लिलाव रद्द होतो तो अशा गफलतींवर.

चालत नाही काय, तर ‘बँकेला तडजोड करायला सांगा’. एकरकमी परतफेड, म्हणजे ओटीएस, हा कर्जदाराचा हक्क नाही, कोर्ट बँकेवर ती लादू शकत नाही, असं सुप्रीम कोर्टाने डिसेंबर २०२१ मध्ये बिजनौरच्या एका नागरी सहकारी बँकेच्या प्रकरणात सांगितलं. तडजोड करायचीच असेल तर ती बँकेच्या टेबलावर करायची, आणि लेखी घ्यायची.

जिंकल्यावर काय मिळतं, हेही आधीच माहीत असलेलं बरं. ताबा बेकायदा ठरला तर मालमत्ता परत मिळते, नुकसानभरपाईही मागता येते. पण कर्ज माफ होत नाही. बँक जिथे चुकली त्या पायरीवरून पुन्हा सुरुवात करू शकते. म्हणजे हाती येतो तो वेळ. तो वेळ गिऱ्हाईक शोधून स्वतः चांगल्या भावात जागा विकायला वापरला, तरच त्या विजयाला किंमत. बँकेच्या लिलावातला भाव आणि बाजारातला भाव यात फरक पडतोच.

आता शेतजमीन. कलम ३१ प्रमाणे शेतजमिनीवरच्या तारणाला सरफेसी लागू नाही. त्यामुळे ‘सातबारा दाखवला की झालं’ असा सल्ला गावोगाव मिळतो. गोव्यातल्या एका मोठ्या खटल्याने याची दुसरी बाजू दाखवली. ब्लू कोस्ट हॉटेल्सने आयएफसीआय या वित्तसंस्थेकडून २०१० मध्ये १५० कोटींचं कर्ज घेतलं, दक्षिण गोव्यातलं समुद्रकाठचं पंचतारांकित हॉटेल तारण ठेवलं. कर्ज थकलं आणि लिलावात आयटीसीने ते ५१५ कोटी ४४ लाखांना घेतलं. मालकाचे दोन मुख्य मुद्दे होते. तारणातली काही जमीन महसूल दप्तरी शेतीची आहे, आणि आमच्या आक्षेपाला सावकाराने १३(३ए) प्रमाणे उत्तरच दिलं नाही. मुंबई हायकोर्टाने मालकाच्या बाजूने निकाल दिला. मार्च २०१८ मध्ये सुप्रीम कोर्टाने तो उलटवला. जमीन हॉटेलसाठी गहाण टाकली, हॉटेलच्या आवारातच ती वापरात होती, मग दप्तरी नोंद काहीही असो, तिला या कलमाचं संरक्षण नाही. आक्षेपाला उत्तर देणं सावकारावर बंधनकारकच आहे, हेही कोर्टाने ठणकावून सांगितलं. पण या कर्जदाराने पुन्हापुन्हा मुदती मागितल्या, आश्वासनं दिली, ती मोडली, त्यामुळे त्याला त्या चुकीचा फायदा नाही. सातबाऱ्यावर ऊस आणि जागेवर मंगल कार्यालय, असा मामला असलेल्यांनी हा निकाल वकिलाकडून समजून घ्यावा.

‘थेट हायकोर्टात जाऊ’ हा मोह सगळ्यांना होतो. २०१० च्या सत्यवती टंडन निकालापासून सुप्रीम कोर्ट एकच सांगत आलंय. डीआरटीचा मार्ग असताना हायकोर्टाने रिट याचिका घेऊ नये. तरीही याचिका होतात, आणि काही वेळा ‘डीआरटीत जा’ असं ऐकून परत येईपर्यंत ४५ दिवस उलटलेले असतात. डीआरटीत हरल्यावर अपील डीआरएटीत, म्हणजे वरच्या अपिली न्यायाधिकरणात, ३० दिवसांत. तिथे मात्र पैसे भरावेच लागतात. बँकेने मागितलेली किंवा डीआरटीने ठरवलेली, यातली कमी असेल त्या रकमेच्या ५० टक्के. कारण पटलं तर ते २५ टक्क्यांपर्यंत खाली येतात, त्याखाली नाही.

जामीनदारांसाठी दोन ओळी पुरेत. आधी कर्जदाराची मालमत्ता विका, मग माझ्याकडे या, असं म्हणता येत नाही. सही केली त्या दिवसापासून जबाबदारी कर्जदाराइतकीच. भाडेकरूचं थोडं वेगळं. गहाणाच्या आधीपासूनचा, नोंदणीकृत करार असलेला भाडेकरू डीआरटीत आपला हक्क मांडू शकतो, तोंडी भाडेकरार सांगणाऱ्यावर विश्वास ठेवणं कोर्टाला जड जातं. आणि कर्जाशी संबंधच नसलेल्या भावाने किंवा बहिणीने ‘या जमिनीत माझा हिस्सा आहे’ म्हटलं, तर मालकीहक्काचा तेवढा दावा दिवाणी कोर्टात चालू शकतो, असं सुप्रीम कोर्टाने जानेवारी २०२५ मध्ये म्हटलंय.

आपल्याकडे निम्मा घोळ सहकाराचा. सहकारी बँकांना सरफेसी लागू होतो का, हा वाद कोल्हापूर जिल्ह्यातल्या मुरगूडच्या विश्वासराव पाटील सहकारी बँकेच्या प्रकरणातून पाच न्यायाधीशांच्या घटनापीठापुढे गेला. ५ मे २०२० रोजी उत्तर आलं, लागू होतो. पण सहकारी बँका आणि पतसंस्था आजही ज्याचा सर्रास वापर करतात तो मार्ग वेगळा आहे. महाराष्ट्र सहकारी संस्था कायद्याचं कलम १०१. निबंधकांकडे अर्ज, चौकशी आणि वसुलीचा दाखला. तो दाखला थकबाकीचा अंतिम पुरावा मानला जातो आणि त्यावर जमीन महसुलासारखी वसुली होते. इथे डीआरटीचा काही संबंध नाही. दाखल्याविरुद्ध कलम १५४ खाली पुनरीक्षण अर्ज करता येतो, पण येणं रकमेच्या ५० टक्के संस्थेत भरल्यावर. म्हणून १०१ च्या चौकशीची नोटीस आली की त्याच तारखेला निबंधक कार्यालयात हजर राहून खातेउताऱ्यावर हरकत नोंदवायची. शेतीला सरफेसीतून मिळणारी सूटही या वाटेवर नाही.

लिलाव झालाच तर हिशेब संपत नाही. येणं रक्कम आणि खर्च वजा जाता काही उरलं, तर ते बँकेला ठेवता येत नाही, मालकाला परत द्यावं लागतं. त्यासाठी बँकेकडून विक्रीचा तपशील लेखी मागून घ्यायचा. लिलावाची रक्कम कमी पडली, तर उरलेल्या पैशासाठी बँक डीआरटीत किंवा रकमेप्रमाणे योग्य त्या कोर्टात दावा लावते, आणि त्यात जामीनदारांची नावंही असतात.